हात सांपडले, करविता धनी कोठें?

ठाण्याहून नाशिककडे जाणाऱ्या हमरस्त्यावर खारेगांवची खाडी लागते. सन २०२० च्या पूर्वार्धांत केंद्रीय अन्वेषण विभागानें परदेशांतून पाणबुडे आणवून या खाडीच्या गाळांत एका खुनाच्या हत्याराचा शोध चालविला होता व त्या शोधांत एक पिस्तूल वर आलें, ही गोष्ट आमच्या पुष्कळ वाचकांच्या स्मरणांत असेल. खून झाला पुण्यांत, मुठेच्या पुलावर; आणि हत्यार धुंडाळण्यासाठीं सरकारास उतरावें लागलें ठाण्याच्या खाडींत! डॉक्टर नरेंद्र दाभोलकर यांच्या खुनाचा विचार ठाणें, कल्याण व डोंबिवली येथील नागरिकांनीं आपला म्हणून कां करावा, याचें अर्धें उत्तर या एका गोष्टींत आहे. उरलेलें अर्धें उत्तर आम्ही आज देणार आहों.

पुण्याची गोष्ट पुणेकरांनीं पहावी, असें म्हणणारे कांहीं सज्जन आमच्या पेठांतून आढळतात. त्यांनीं आपल्याच शहराचा अलीकडचा इतिहास आठवावा. ता. ४ जून २००८ रोजीं ठाण्याच्या गडकरी रंगायतनाच्या वाहनतळांत बाँबचा स्फोट होऊन सात माणसें जखमी झालीं. तेथें चाललेल्या एका नाटकांत देवादिकांची विटंबना झाली, हा त्या स्फोटामागचा राग होता. सन २०११ मध्यें न्यायालयानें या प्रकरणीं दोघांस दहा वर्षांची शिक्षा दिली व चौघांस सोडून दिलें. शिक्षा झालेल्यांपैकीं एकावर पुढें दाभोलकर-खटल्यांतही आरोप आला, परंतु त्यांतून तो निर्दोष सुटला, हेंही न्यायबुद्धीनें येथेंच सांगितलें पाहिजे. पुढें ऑगस्ट २०१८ मध्यें नालासोपारा येथें स्फोटकांचा साठा पकडला गेला. हें गांव २०१४ सालीं पालघर जिल्हा वेगळा होईपर्यंत आमच्या ठाणें जिल्ह्यांतच मोडत होतें. त्या साठ्याच्या तपासाचा धागा धरूनच दाभोलकरांवर गोळ्या झाडणारांपर्यंत सरकारचा हात पोंचला. तेव्हां आग शेजारच्या आळींत लागली आहे, असें समजून स्वस्थ निजण्याची सोय आम्हां ठाणेंकरांस उरलेली नाहीं.

ज्या पुरुषाचा असा घात झाला, तो कोण होता? दाभोलकरांचा जन्म ता. १ नोव्हेंबर १९४५ रोजीं सातारा येथें झाला. दहा भावंडांत ते सर्वांत धाकटे. पुणें विद्यापीठाचे कुलगुरु झालेले शिक्षणतज्ज्ञ देवदत्त दाभोलकर हे त्यांचे वडील बंधु. साताऱ्याच्या न्यू इंग्लिश स्कुलांत व सांगलीच्या विलिंग्डन कॉलेजांत शिक्षण झाल्यावर मिरजेच्या वैद्यकीय महाविद्यालयांतून ते डॉक्टर होऊन बाहेर पडले. पुस्तकांत मान घालून बसणारा हा विद्यार्थी नव्हता. कबड्डीच्या मैदानांत त्यांचें नांव होतें. देशाच्या संघांतून ते बांगलादेशाविरुद्ध खेळले आणि राज्य सरकारचा शिवछत्रपति पुरस्कारही त्यांस मिळाला. सुमारें बारा वर्षें त्यांनीं वैद्यकीचा धंदा केला. चालता दवाखाना, घरची प्रतिष्ठा व खेळांतली कीर्ति एवढें पदरीं असतां सामान्य मनुष्य आयुष्यभर सुखानें राहता. दाभोलकरांनीं दवाखाना बंद केला.

डॉ. बाबा आढाव यांच्या 'एक गांव, एक पाणवठा' या चळवळींत ते प्रथम पडले. गांवच्या विहिरीवर सर्व जातींच्या लोकांस सारखा हक्क असावा, एवढीच त्या चळवळीची मागणी होती. त्यानंतर अंधश्रद्धेच्या प्रश्नाकडे ते वळले व सन १९८९ मध्यें त्यांनीं महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीची स्थापना केली. शोषण करणाऱ्या अंधश्रद्धेस विरोध करणें, शास्त्रीय दृष्टि लोकांत रुजविणें, धर्माची विधायक चिकित्सा करणें आणि व्यापक समाजसुधारणेच्या चळवळीशीं नातें जोडणें, अशी चार कामें त्यांनीं समितीपुढें ठेविलीं. साने गुरुजींनीं १९४८ सालीं सुरू केलेल्या 'साधना' साप्ताहिकाचे संपादकत्व १९९८ पासून मरेपर्यंत त्यांनीं सांभाळलें. दारूच्या आहारीं गेलेल्यांसाठीं साताऱ्यास 'परिवर्तन' ही व्यसनमुक्तीची संस्था काढली. शनिशिंगणापूरच्या चौथऱ्यावर स्त्रियांस कां जाऊं देत नाहींत, हा प्रश्न त्यांनीं सत्याग्रहानें विचारला व उच्च न्यायालयांतही नेला. एस. टी. च्या गाडीनें गांवोगांव फिरावें, शाळाकॉलेजांतून व्याख्यानें द्यावीं, बुवाच्या हातांतून अंगारा कसा निघतो तें हातचलाखीनें करून दाखवावें आणि चमत्कार खरा असेल तर परीक्षेस उतरा, असें जाहीर आव्हान द्यावें, हा त्यांचा वर्षानुवर्षांचा क्रम. या सर्व कार्यक्रमांत कोणाच्या अंगास बोट लावल्याचें उदाहरण नाहीं. धमक्या आल्या, अंगावर लोक धांवून आले, तरीही पोलिसांचें संरक्षण त्यांनीं घेतलें नाहीं.

आमच्या मतें दाभोलकरांचा मोठेपणा विशेषेंकरून दिसतो तो कायद्याच्या लढ्यांत. व्याख्यानांनीं शहाणा मनुष्य शहाणा होतो, पण साखळदंडानें बांधलेली वेडी मुलगी मांत्रिकाच्या चाबकाखालून सुटत नाहीं; तिला सोडविण्यास कायद्याचा हात पाहिजे, हें त्यांनीं ओळखलें. सन २००३ च्या सुमारास कायद्याचा मसुदा सरकारपुढें आला. सन २००५ मध्यें विधानसभेनें एक विधेयक मंजूरही केलें, पण तें पुढें विधानपरिषदेंत अडकून पडलें व अखेर बारगळलें. पुन्हां नवें विधेयक आलें, पुन्हां अधिवेशनामागून अधिवेशनें गेलीं. हा कायदा झाला तर वारी बंद होईल, सत्यनारायण बंद होईल, देवास नारळ फोडणाऱ्यास तुरुंगांत घालतील, अशी हूल उठविण्यांत आली. दाभोलकर चिडले नाहींत. आक्षेप आला कीं कलम वाचावें, शब्द बदलून आक्षेपास जागा राहूं नये असें करावें आणि पुन्हां मंत्र्यांचें दार ठोठवावें, असें त्यांनीं दहा वर्षें केलें. ज्या देशांत कायदा हातीं घेणारे शूर म्हणून मिरवितात, त्या देशांत कायदा करून घेण्यासाठीं दहा वर्षें वाट पाहणाऱ्या या मनुष्याची गणना आम्ही खऱ्या शूरांत करतों.

ता. २० ऑगस्ट २०१३, मंगळवार. 'साधना'च्या कामासाठीं दाभोलकर पुण्यांत होते. सकाळीं सवा सातच्या सुमारास ओंकारेश्वराजवळच्या पुलावर ते फिरावयास गेले असतां मोटरसायकलवरून आलेल्या दोघांनीं अगदीं जवळून त्यांच्यावर गोळ्या झाडल्या व ते पळून गेले. त्या पुलास महर्षि विठ्ठल रामजी शिंदे यांचें नांव आहे. अस्पृश्यतानिवारणासाठीं ज्यांनीं १९०६ सालीं निराश्रित साहाय्यकारी मंडळी स्थापन केली व त्यापायीं जन्मभर स्वकीयांचा रोष सोसला, त्यांच्याच नांवाच्या पुलावर दुसऱ्या सुधारकाचें रक्त सांडावें, हा योग मनास चटका लावणारा आहे. आगरकरांच्या हयातींत पुण्याच्या सनातन्यांनीं त्यांची प्रेतयात्रा काढली, पण ती प्रतिमेची होती. सव्वाशें वर्षांच्या शिक्षणानंतर आपण प्रतिमेवरून प्रत्यक्ष देहावर आलों, ही प्रगति म्हणावयाची काय? दाभोलकरांनीं आपला देह वैद्यकीय महाविद्यालयास देऊं केला होता. शवविच्छेदनामुळें तोही संकल्प सिद्धीस गेला नाहीं. साताऱ्यास कोणत्याही धार्मिक विधीवांचून त्यांच्या कन्येनें चितेस अग्नि दिला.

जें दहा वर्षांत झालें नव्हतें, तें पुढील चार दिवसांत झालें. दुसऱ्याच दिवशीं मंत्रिमंडळानें वटहुकूम काढण्याचें ठरविलें व ता. २४ ऑगस्ट रोजीं त्यावर राज्यपालांची सही झाली. डिसेंबर २०१३ मध्यें दोन्ही सभागृहांनीं विधेयक संमत करून त्याचा कायदा केला. जे कागद दहा वर्षें हलत नव्हते ते चार दिवसांत हलले, याचा अर्थ अडचण मसुद्यांत नव्हती, धैर्यांत होती. सन २०१४ मध्यें सरकारनें दाभोलकरांस मरणोत्तर पद्मश्री दिली. जिवंतपणीं त्यांनीं पदवी मागितली नव्हती, कायदा मागितला होता.

आतां खटल्याकडे वळूं. प्रथम पुणें पोलिसांनीं तपास केला; सन २०१४ मध्यें मुंबई उच्च न्यायालयाच्या हुकुमानें तो केंद्रीय अन्वेषण विभागाकडे गेला व पुढें अनेक वर्षें त्या तपासावर उच्च न्यायालयाची देखरेख होती. आरोपींचा सनातन संस्थेशीं संबंध होता आणि दाभोलकरांच्या कार्याविषयींच्या द्वेषांतून हा कट झाला, असें अन्वेषण विभागाचें म्हणणें होतें. संस्थेनें खुनाशीं आपला कांहीं संबंध असल्याचें सतत नाकारलें आहे व संस्था म्हणून तिच्यावर हा खटला नव्हता. सन २०२१ मध्यें पांच आरोपींवर दोषारोप ठेवण्यांत आले आणि ता. १० मे २०२४ रोजीं पुण्याच्या विशेष न्यायालयानें निकाल दिला. गोळ्या झाडणारे दोघे दोषी ठरून त्यांस जन्मठेप व प्रत्येकीं पांच लाख रुपये दंड झाला. उरलेले तिघे पुराव्याच्या अभावीं सुटले. खुनापासून निकालापर्यंत दहा वर्षें, आठ महिने व वीस दिवस गेले.

पुराव्यावांचून कोणासही शिक्षा होऊं नये, हें तत्त्व आम्हांस दाभोलकरांच्या खटल्यांतही तितकेंच मान्य आहे. किंबहुना त्यांच्या खटल्यांत तें अधिकच पाळलें पाहिजे, कारण पुराव्यावांचून कांहीं मानूं नये हीच त्यांची शिकवण होती. परंतु त्याच निकालांत न्यायाधीशांनीं जें म्हटलें आहे, तिकडे आम्ही वाचकांचें लक्ष वेधतों. या खुनाचा खरा सूत्रधार दुसराच कोणी आहे, त्याला उजेडांत आणण्यास पुणें पोलिस व केंद्रीय अन्वेषण विभाग असमर्थ ठरले, आणि हें अपयश आहे कीं कोणा सत्ताधाऱ्याच्या दडपणाखालीं जाणूनबुजून केलेली निष्क्रियता आहे, याचें त्यांनीं आत्मपरीक्षण करावें, असा न्यायालयाच्या बोलण्याचा आशय आहे. म्हणजे ज्या हातांनीं चाप ओढला ते हात सांपडले. ज्या डोक्यानें त्या हातांस हुकूम केला, तें डोकें अद्याप मोकळें आहे. हें आमचें अनुमान नव्हे, न्यायासनाचा शेरा आहे.

कोणी म्हणेल, बंदूक व कट या दूरच्या गोष्टी झाल्या. आमच्या कल्याण-डोंबिवलीच्या संसारी माणसाचा त्यांशीं काय संबंध? त्यांस आम्ही कल्याणहून कसाऱ्याकडे जाणाऱ्या गाडीनें शहाडच्या पुढच्या आंबिवली स्टेशनावर उतरावयास सांगतों. तेथें जवळच अटाळी हें गांव आहे. गांव म्हणावयाचें, पण तें कल्याण-डोंबिवली महापालिकेच्या हद्दींत आहे; विजेचे दिवे आहेत, घरोघरीं मोबाईल आहेत, मुंबईस नोकरीस जाणारीं माणसें आहेत. जुलै २०२० मध्यें, महामारीनें सारा जिल्हा घरांत कोंडलेला असतां, या गांवांत एक वृद्ध माता व तिचा पन्नाशीचा मुलगा हीं दोघें मारहाणींत प्राणास मुकलीं. मारणारे चोर नव्हते, वैरी नव्हते. घरच्याच नात्यांतलीं तरुण मुलें होतीं व त्यांत एक अल्पवयीन होता. या दोघांच्या अंगांत भूत शिरलें आहे, तें मारल्यावांचून निघणार नाहीं, असें एका मांत्रिकानें सांगितलें आणि घरच्या मुलांनीं घरच्याच वडीलधाऱ्यांवर काठ्या उगारल्या, असें पोलिसांचें म्हणणें. खडकपाडा पोलिसांनीं नातेवाइकांबरोबर मांत्रिकासही पकडलें व खुनाच्या कलमाच्या जोडीस २०१३ चा कायदाही लावला.

पुण्याचा पूल आणि अटाळीचें घर यांत अंतर फार आहे. तरी दोन्हीं ठिकाणीं घडलेली क्रिया एकच आहे. ज्यास आपण ओळखतहि नाहीं अशा मनुष्यास मारावें, हें त्या दोघां तरुणांस स्वतःच्या बुद्धीनें सुचलें नाहीं, असें न्यायालय म्हणतें. जिनें आपणांस अंगाखांद्यावर खेळविलें त्या आजीला काठीनें मारावें, हें कोणत्या नातवंडास आपण होऊन सुचेल? कोणी तरी अगोदर त्यांच्यापासून विचार करण्याचें काम काढून घेतलें व मग त्यांच्या हातीं काठी दिली किंवा पिस्तूल दिलें. पंथाचें विष म्हणतात तें हेंच. देव मानणें हें विष नव्हे. आपल्या विवेकाची किल्ली दुसऱ्याच्या कमरेला बांधणें हें विष होय. दाभोलकर जन्मभर याच एका गोष्टीविरुद्ध बोलले आणि अखेर याच गोष्टीनें त्यांचा बळी घेतला.

वाचकांनीं येथें एक भेद नीट पहावा. अटाळीच्या प्रकरणांत काठी धरणाऱ्या हातांबरोबर काठी उचला म्हणणाराही आरोपी झाला. २०१३ च्या कायद्याची हीच खुबी आहे. नरबळी व इतर अमानुष, अनिष्ट व अघोरी प्रथा आणि जादूटोणा यांस प्रतिबंध करणाऱ्या या कायद्याच्या अनुसूचींत बारा प्रकार दिलेले आहेत. भूत उतरविण्याच्या निमित्तानें बांधून ठेवणें, काठीनें अथवा चाबकानें मारणें, पादत्राणें भिजविलेलें पाणी पाजणें, मिरचीची धुरी देणें. साप, विंचू वा कुत्रें चावलें असतां औषध घेऊं न देतां मंत्र घालीत बसणें. अमुक बाई चेटकीण आहे असें ठरवून तिला जगणें अशक्य करणें, या सर्वांचा त्यांत स्पष्ट उल्लेख आहे. असें कृत्य स्वतः करणारा, दुसऱ्याकडून करविणारा, त्याचा प्रसार करणारा व त्यास चिथावणी देणारा हे सर्व त्यांत सारखेच गुन्हेगार आहेत. शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत व दंड पांच हजारांपासून पन्नास हजारांपर्यंत आहे. ज्यानें हा कायदा मागितला, त्याच्या स्वतःच्या खुनांत मात्र करविता धनी सांपडूं नये, यापरतें दैवाचें क्रौर्य कोणतें?

धर्म बुडेल म्हणून भिणाऱ्या वाचकांसाठीं दोन शब्द. वारी, यात्रा, प्रदक्षिणा, पूजा, हरिपाठ, कीर्तन, प्रवचन, भजन यांस या कायद्यानें हात लावलेला नाहीं. तसें कलमच त्यांत घातलेलें आहे. कायदा होऊन एक तपाहून अधिक काळ लोटला. आळंदीची पालखी थांबली काय? टिटवाळ्याच्या गणपतीपुढची रांग तुटली काय? तुकोबांनीं नवसासायासांची टर उडविली व गाडगेबाबांनीं कीर्तनांत उभे राहून बोकड कापणाऱ्यांस झोडपलें. त्यांस धर्मद्वेष्टे म्हणण्याची छाती आज कोणास आहे? राज्यघटनेनेंही १९७६ च्या ४२ व्या दुरुस्तीनें शास्त्रीय दृष्टि व चौकस बुद्धि वाढविणें हें प्रत्येक नागरिकाचें कर्तव्य ठरविलें आहे. महाराष्ट्रामागून कर्नाटकानें व २०२४ सालीं गुजराथेनेंही अशाच धर्तीचे कायदे केले. म्हणजे जो कायदा धर्मबुडवा म्हणून येथें अडविला गेला, त्याचाच कित्ता शेजारचीं राज्यें गिरवूं लागलीं.

तथापि कायदा पुस्तकांत असणें व रस्त्यावर असणें यांत फार अंतर आहे. कसाऱ्याकडे किंवा कर्जतकडे जाणाऱ्या कोणत्याही लोकलच्या डब्यांत बसून भिंतीकडे पहावें. वशीकरण, मूठ, करणी, सवतीपासून सुटका, सर्व कांहीं चोवीस तासांत करून देणाऱ्या बाबांच्या चिठ्ठ्या चिकटविलेल्या दिसतील, खालीं दूरध्वनीचा आंकडाही असेल. जादूच्या उपायांच्या जाहिरातींस बंदी करणारा कायदा १९५४ पासून आहे आणि २०१३ चा कायदाही अशा प्रसारास गुन्हा समजतो. आंकडा छापून गुन्हा करणारा मनुष्य जर पोलिसांस सांपडत नसेल, तर नांव न ठेवतां गुन्हा करविणारा कसा सांपडावा? प्रत्येक पोलिस ठाण्याच्या हद्दींत निरीक्षकाच्या दर्जाचा दक्षता अधिकारी या कायद्याखालीं असावयाचा असून असे प्रकार हुडकून काढणें व होऊं न देणें हें त्याचें काम आहे. गुन्हा दखलपात्र आहे. खबर मिळतांच पोलिसांस हालचाल करतां येते. पण खबर द्यावयाची कोणी? आरडाओरडा कानीं पडत असतां शेजारीं काय चाललें आहे त्याशीं आपणांस काय करावयाचें, म्हणून दार लावून घेणारा सुशिक्षित शेजारी हा मांत्रिकाचा मोठाच मदतगार होय.

आमच्या व्यापारी बंधूंस आम्ही एकच विचारतों. मालाची गोण उघडून, मूठभर धान्य तळहातावर घेऊन पाहिल्यावांचून आपण सौदा करीत नाहीं. वजन आपल्या डोळ्यांदेखत झाल्यावांचून पैसा सोडीत नाहीं. मग जो बुवा गोण उघडूंच देत नाहीं, त्याच्या हवालीं आपलीं मुलें, आपल्या सुना व आपला पैसा कसा करतां? मठास देणगी देण्यापूर्वीं तेथें आजाऱ्यास औषध घेऊं देतात काय, प्रश्न विचारणाऱ्यास उभें करतात काय आणि हिशेब कोणास दाखवितात काय, एवढ्या तीन गोष्टी विचाराव्या. सोसायटीच्या सभांतून, व्यापारी मंडळांतून व शाळांतून आपल्या ठाण्याच्या दक्षता अधिकाऱ्याचें नांव काय, याची चौकशी व्हावी व तें नांव फलकावर लागावें. यास पैसा लागत नाहीं.

सरकारास आमचें सांगणें वेगळें आहे. दाभोलकरांमागून २०१५ सालीं कोल्हापुरास कॉम्रेड गोविंद पानसरे व धारवाडास प्राध्यापक एम. एम. कलबुर्गी यांस, आणि २०१७ सालीं बंगळूरास गौरी लंकेश यांस गोळ्या घालण्यांत आल्या. पहिल्या खुनाचा करविता धनी वेळींच सांपडता, तर पुढचे तीन जीव कदाचित् वांचते. न्यायालयानें ज्या अपयशावर बोट ठेविलें आहे, त्याचा जबाब सरकारनें जनतेस दिला पाहिजे. दोघे जन्मठेपेवर गेले म्हणून फाईल बांधून ठेवणें म्हणजे काठी जाळून मांत्रिकास सोडणें होय. अटाळीच्या घरांत जो न्याय लावला, तोच ओंकारेश्वराच्या पुलास लावा, एवढेंच आमचें मागणें आहे. आणि तें मागणें पुरें होईपर्यंत दर २० ऑगस्टला ठाण्यांतून, कल्याणांतून व डोंबिवलींतून तें सरकारच्या कानीं घालणें, हें प्रत्येक लिहित्यावाचत्या नागरिकाचें कर्तव्य आहे.